लोणार जग: काठावरची फडफड एकदाची थांबली

माइनक्राफ्टमध्ये आपण लोणारचं विवर रचतोय, आणि त्याच्या काठावर खेळाडूचा मोड (काय करता येईल ते ठरवणारा खेळाचा प्रकार) सारखा मागेपुढे बदलत राहायचा. ती फडफड थांबली! आता काठावर उभं राहा, नाचा, एक पाय आत एक पाय बाहेर ठेवा. मोड एकदा बदलतो आणि गप बसतो. मागच्या अपडेटमध्ये आपण दोन बॉक्सांवर, म्हणजे आकड्यांनी आखलेल्या दोन चौकोनी हद्दींवर, अडलो होतो. ते दोन्ही बॉक्स मी उखडून फेकलेत.

बाकी जग तेच. गेमची जावा आवृत्ती १.२०.१, एक ब्लॉक म्हणजे दोन मीटर, त्यामुळे १.८ किलोमीटर व्यासाचं आपलं विवर ९०० ब्लॉकांत बसतं. विवरात ॲडव्हेंचर (फोडाफोडी बंद), बाहेर गावाच्या बाजूला क्रिएटिव्ह (बांधणं, उडणं सगळं खुलं). काठ बेसॉल्ट आणि स्मूथ बेसॉल्टचा, हाताने रचलेला, तिथे एकही ब्लॉक फुटायला नको. गावाकडे मात्र पोरांना दैत्यसूदन मंदिर बांधायचं आहे, तर तिथे सगळं मोकळं. ऑप, म्हणजे कमांडी चालवायचा अधिकार, मी कुणालाच दिलेलं नाही आणि देणारही नाही. आमच्याकडच्या पोरांना ऑप दिलं की पहिली कमांड ‘/किल @ए’ (सगळ्यांना मारा) असते, हे तुम्ही लिहून घ्या. (कमांडी इथे नागरीत लिहितेय, टाइप करताना अर्थात इंग्रजीत.)

तर जुनी रचना अशी होती. दोन रिपीट कमांड ब्लॉक (एकच कमांड आपोआप पुन्हा पुन्हा चालवणारे), दोन्ही ‘ऑलवेज ॲक्टिव्ह’. एकात विवराच्या बॉक्सातल्या सगळ्यांना ‘/गेममोड ॲडव्हेंचर’, दुसऱ्यात गावाच्या बॉक्सातल्यांना ‘/गेममोड क्रिएटिव्ह’. बॉक्स एकमेकांना चिकटून, पण एकही ब्लॉक सामाईक नाही. एक्स १० ला ‘डीएक्स=३९’ (त्या दिशेतली लांबी) दिलं की १० ते ४९ असे ४० ब्लॉक धरले जातात, तेवढा हिशेब मांडूनच आकडे टाकले होते. कागदावर सगळं चोख.

आणि तरी भाचा काठावरून उडत जाता जाता धपकन खाली. पोरगं माझ्याकडे असं बघतंय जणू मीच ढकललं. “आत्या, काऊन पाडलं वं मले?” त्याच्या स्क्रीनवर हृदयांची ओळ येते-जाते, येते-जाते, आणि चॅटमध्ये ‘मोड बदलला’चे निरोप धो धो. रिपीट ब्लॉक दर टिकला (गेमच्या घड्याळाच्या ठोक्याला) चालतो आणि सेकंदाला टिक २०. म्हणजे सेकंदाला वीसदा पोरगं ॲडव्हेंचर आणि वीसदा क्रिएटिव्ह. ॲडव्हेंचर लागताक्षणी उडणं सुटतं. पुढे क्रिएटिव्ह परत लागला तरी उडणं आपोआप सुरू होत नाही, फक्त उडायची परवानगी मिळते. खाली आदळताना नेमका कुठला मोड असेल ते नशिबावर.

आधी वाटलं निरोपांनीच सर्व्हर गुदमरतोय. ‘/गेमरूल सेंडकमांडफीडबॅक फॉल्स’ केलं. चॅट शांत, फडफड तशीच. मग लॅपटॉपवर संशय गेला, कारण तालुक्याच्या एका दुकानातून घेतलेली रॅम ‘नवीकोरी’ म्हणून मिळाली आणि तिच्यावर कुणाच्या तरी जुन्या स्टिकरची चिकटी होती. (रॅम घ्यायची तर पाकीट तुमच्यासमोर फोडायला लावा.) पण टिकची गती बरोबर होती. रॅम निर्दोष सुटली.

शेवटी एफ३ (उभ्या जागेचे आकडे दाखवणारा पडदा) लावून मी स्वतः काठावर गेले आणि मुंगीच्या पावलांनी पुढे सरकले, स्नीक (दबकी चाल) धरून. फडफड एका रेषेवर होतच नव्हती, एका पट्ट्यात होत होती. रेषेच्या अलीकडे ०.३ आणि पलीकडे ०.३. हा आकडा दिसला आणि मी खुर्चीतून उठलेच. खेळाडूचा हिटबॉक्स, म्हणजे गेम धरतो ती अंगाची चौकट, ०.६ ब्लॉक रुंद! ‘डीएक्स, डीवाय, डीझेड’वाला सिलेक्टर (कमांड कुणाला लागू ते निवडणारा भाग) खेळाडू कुठल्या बिंदूवर उभा आहे ते बघतच नाही, त्याच्या अंगाचा कुठलाही भाग बॉक्सला लागतो का एवढंच बघतो. काठावरचा माणूस दोन्ही बॉक्सांत असतो, कारण त्याचे खांदे दोन्हीकडे असतात. दोन बॉक्सांत एक ब्लॉक मोकळा सोडला आणि फडफड बंद. त्या रात्री चहा मी स्वतःसाठी वेगळा केला.

पण मग दुसरं दुखणं. विवर गोल आणि बॉक्स चौकोनी. गोलाभोवती चौकोन आखला की त्याचा पाचव्या हिश्श्याहून जास्त भाग कोपऱ्यांत वाया जातो, आणि आमच्या एका कोपऱ्यात नेमकी पोरांची घरं. त्यांना स्वतःच्या घराची वीट लावता येईना. लहान लहान बॉक्स रचून गोल करायचा विचार केला, आकडे लिहायलाही घेतले. वहीचं पान भरलं तेव्हा सुचलं की गोलासाठी ‘डिस्टन्स’ असतोच की.

आणि हाच खरा उपाय निघाला. ‘डिस्टन्स’ अंग बघत नाही, खेळाडूच्या पायाशी जो एक बिंदू असतो तिथपर्यंतचं अंतर मोजतो. एक बिंदू एका वेळी दोन ठिकाणी नसतो, त्यामुळे ०.६ चा पट्टा मुळातच नाहीसा. एक गोष्ट मात्र जपा: हा वर्तुळ नाही, चेंडू आहे. केंद्र तळ्याच्या पाण्यावर धरलं तर काठ तिथून ६९ ब्लॉक वर येतो (खरं तळं काठापासून १३७ मीटर खाली आहे, त्याच्या निम्मे), आणि तेवढ्या उंचीवर ४५० ची त्रिज्या सुमारे ४४५ वर येते. म्हणजे काठाची पाच ब्लॉकांची कड उघडी पडते. म्हणून केंद्राचा वाय काठाच्या उंचीला, १२० ला ठेवला. आता आकसायचं ते तळाशी आकसतं, आणि तिथे सगळं आतच असल्यामुळे फरक पडत नाही.

एवढ्यावर थांबता आलं असतं. पण काठावर बसून आत-बाहेर करणाऱ्या पोरांचं काय? अशी पोरं असतातच, आमच्याकडे तर भरपूर. म्हणून आत जायची आणि बाहेर यायची सीमा वेगळी केली. ४४० च्या आत आलात तर खेळाडूला ‘विवर’ हा टॅग (नावाची चिठ्ठी) लागतो, ४६० च्या बाहेर गेलात तरच निघतो. मधल्या २० ब्लॉकांत जो मोड असेल तोच राहतो. कमांड ब्लॉकांऐवजी डेटापॅकमध्ये (जगाला जोडायच्या फाइलींच्या संचात) टिक फंक्शन, म्हणजे दर टिकला चालणारी कमांडींची यादी, केलं (पॅक फॉरमॅट १५). त्यामुळे कमांड ब्लॉकवाला चंक (जगाचा तुकडा) लोड आहे की नाही ही कटकट गेली, आणि बदल केला की ‘/रिलोड’ पुरतं. फंक्शनचा गाभा हा (‘मालक’ टॅग असलेल्याला यातलं काही लागू नाही):

एक्झिक्यूट ॲज @ए[एक्स=०,वाय=१२०,झेड=०,डिस्टन्स=..४४०,टॅग=!विवर,टॅग=!मालक] रन इफेक्ट गिव्ह @एस स्लो_फॉलिंग ३० ० ट्रू
टॅग @ए[एक्स=०,वाय=१२०,झेड=०,डिस्टन्स=..४४०,टॅग=!मालक] ॲड विवर
टॅग @ए[एक्स=०,वाय=१२०,झेड=०,डिस्टन्स=४६०..] रिमूव्ह विवर
गेममोड ॲडव्हेंचर @ए[टॅग=विवर,गेममोड=क्रिएटिव्ह]
गेममोड क्रिएटिव्ह @ए[टॅग=!विवर,टॅग=!मालक,गेममोड=ॲडव्हेंचर]

पहिली ओळ माझी सगळ्यात लाडकी. उडत आलेलं पोरगं काठ ओलांडलं की उडणं सुटणारच, ते टळत नाही. पण त्याच टिकला ३० सेकंदांचं स्लो फॉलिंग मिळतं, आणि ते रुईच्या म्हातारीसारखं तरंगत तळ्यापर्यंत उतरतं. झालं! आता कुणी पायवाटेने उतरतच नाही. धारेजवळचा गोमुखाचा रस्ता मी इतका जीव लावून केला, प्रत्यक्ष जाऊन फोटो काढून, पायऱ्या आणि बाभळी बघून. तो ओस. सगळी जनता काठावरून उड्या मारून थेट कमळजा देवीच्या देवळापाशी उतरते आणि घंटा वाजवते. ॲडव्हेंचरमध्ये घंटा वाजते, दारं उघडतात, तेवढं त्यांना पुरतं.

शेवटच्या दोन ओळींत ‘गेममोड=’ची अट का, तर भाच्याने पळवाट शोधली म्हणून. आधी मोड फक्त टॅग लागण्याच्या क्षणी बदलायचा. हा पठ्ठ्या विवरात लॉगआउट झाला, परत आला, आणि क्रिएटिव्हमध्ये! सर्व्हर प्रॉपर्टीजमध्ये ‘फोर्स-गेममोड’ ट्रू आहे, त्यामुळे आत येणाऱ्या प्रत्येकाला डीफॉल्ट मोड लागतो. टॅग मात्र खेळाडूसोबत साठून राहिलेला. ती सेटिंग मला तशीच हवी, स्पेक्टेटरमध्ये (नुसतं तरंगत बघायच्या मोडमध्ये) अडकून बाहेर पडलेलं पोरगं परत आल्यावर मोकळं व्हावं म्हणून. तेव्हा आता टॅग जागा सांगतो आणि मोड टॅगकडे बघतो. पळवाट बंद. भाचा दोन दिवस रुसला होता.

बेडरॉकवाल्यांसाठी (गेमची दुसरी आवृत्ती) थोडक्यात: तिकडे ‘डिस्टन्स’ नाही, ‘आर’ आणि ‘आरएम’ (जास्तीत जास्त आणि कमीत कमी अंतर) आहेत, आणि ‘गेममोड=’ऐवजी ‘एम=’. एस, सी, ए ही मोडांची छोटी नावं (सर्व्हायव्हल, क्रिएटिव्ह, ॲडव्हेंचर) तिकडे अजून चालतात. जावात २०१८ च्या १.१३ पासून पूर्ण नाव लिहावं लागतं. ऑनलाइन कमांड जनरेटर वापरू नका असं मी पुन्हा एकदा सांगते. निम्मे अजून १.१२ च्या जमान्यात आहेत, ‘/गेममोड १’ काढून देतात आणि वर हिरवी खूण दाखवतात. याउलट वर्ल्डपेंटर, गेमची जमीन घडवायचं सॉफ्टवेअर, फुकट आहे आणि सोनं आहे. ३० मीटरचा एसआरटीएम (अवकाशातून रडारने मोजलेला) उंचीनकाशा त्यात टाकला तेव्हा काठाचा उतार ओळखीचा दिसला. बारकावे त्यात येत नाहीत, ते हातानेच.

हे लिहिता लिहिता दुसरंच डोक्यात आलं. पोरांना वरून विवर बघायचं असतं, आणि स्पेक्टेटर द्यावा तर परत यायला त्यांच्याकडे ऑप नाही. बटण ठेवलं तर स्पेक्टेटरला बटण दाबता येत नाही. पण ‘/ट्रिगर’! ती बिनऑपची कमांड आहे आणि स्पेक्टेटरमध्येही चालते. ‘बघ’ नावाचं ट्रिगर प्रकारचं ऑब्जेक्टिव्ह (प्रत्येक खेळाडूचा एक स्कोअर) करायचं, ‘/ट्रिगर बघ’ म्हटलं की स्पेक्टेटर, पुन्हा म्हटलं की काठावरच्या ओट्यावर टेलिपोर्ट आणि मग मोड परत. टेलिपोर्ट आधीच, नाहीतर बेसॉल्टच्या पोटात मोड बदलून जीव गुदमरायचा. दर वापरानंतर स्कोअर शून्य करून ‘स्कोअरबोर्ड प्लेयर्स एनेबल’ पुन्हा द्यावं लागतं, ट्रिगर एकदा वापरला की बंद होतो. वरच्या फंक्शनला हात लावावा लागत नाही, त्यातल्या अटी क्रिएटिव्ह आणि ॲडव्हेंचरपुरत्याच आहेत. म्हणजे देवळाचं शिखर पुढच्या खेपेला, आधी हे.

हे झालं की गुलाबी पाणी. २०२० च्या जूनमध्ये तळं गुलाबी झालं होतं आणि पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने ते हॅलोआर्किया या खाऱ्या पाण्यातल्या सूक्ष्मजीवांमुळे असल्याचं सांगितलं. गेममध्ये पाण्याचा रंग बायोमकडून (प्रदेशाच्या प्रकाराकडून) येतो, तेव्हा डेटापॅकमध्ये गुलाबी पाण्याचा बायोम करून ‘/फिलबायोम’ने तळ्यावर पसरायचा. एका कमांडीत ३२,७६८ ब्लॉकांची मर्यादा आणि बायोम ४×४×४ च्या तुकड्यांत, म्हणून ८८×८८×४ चे चौकोन पाडतेय. तळं ६०० ब्लॉक रुंद, सात ओळी सात रांगा, कोपरे सोडून. गेमरूलने मर्यादा वाढवता येते, पण माझा लॅपटॉप तेवढ्यात पंखा सोडून देईल. नवा बायोम ‘/रिलोड’ने येत नाही, सर्व्हर बंद करून चालू करावा लागतो, तेव्हा लाइन असतानाच करायचं काम.

१.२०.१ साठी चालणारी बायोमची जेसन फाइल कुणाकडे तयार असेल तर पाठवा, नाहीतर दलदलीच्या बायोमची नक्कल करून त्यातच रंग बदलते. या आठवड्यात थ्री-फेज रात्रीची आहे. घरचे सगळे ओलिताला गेले की लॅपटॉप माझा एकटीचा, पहिले चार चौकोन तेव्हाच टाकते.