दहा सेंट कमी

सायलेंट कॉमेडी म्हटलं की लोकांना पडापडी आणि तोंडावर फेकलेले केक आठवतात, मला आठवते ती बिलाची भीती. चॅप्लिनचा १९१७ चा 'द इमिग्रंट' बघा. हॉटेलच्या बाहेर चार्लीला एक नाणं सापडतं, तो खिशात टाकतो, खिसा फाटका, नाणं परत रस्त्यावर, आणि हा पठ्ठ्या मात्र शेठ असल्यासारखा आत जाऊन बीन्स मागवतो. मग अमेरिकेला येताना बोटीवर ओळख झालेली एडना दिसते, तिलाही बोलावून खायला घालतो. तेवढ्यात एका गिऱ्हाईकाला सगळे वेटर मिळून बेदम तुडवतात, का तर बिलात दहा सेंट कमी पडले! आता चार्लीचा हात हळूच स्वतःच्या खिशात जातो आणि इथून पुढे आपल्याला हसावं की घाम पुसावा तेच कळत नाही.

या वेटरांचा म्होरक्या, हेडवेटर, म्हणजे एरिक कॅम्पबेल हा नट, नुसत्या भुवया बघूनच भूक मरेल असा. आधी हे काम हेन्री बर्गमन करत होता, चॅप्लिनला ते जमेना, मग कॅम्पबेल आला आणि बर्गमन झाला हॉटेलात आलेला एक चित्रकार. बरोबरच केलं, वेटरची धास्ती वाटली नाही तर उरतं काय? (शूटिंगही हॉटेलपासूनच सुरू झालं, बोटीचा भाग नंतर सुचला.) आणि गंमत म्हणजे या दहा सेंटांवर जीव टांगणारा माणूस तेव्हा आठवड्याला १०,००० डॉलर कमवत होता. पण लहानपणी लंडनच्या वर्कहाऊसमध्ये, म्हणजे निराधार गरिबांना ठेवायच्या जागेत, राहिलेला, त्यामुळे पैसे कमी पडणं म्हणजे काय हे त्याला कोणी शिकवायची गरज नव्हती.

शेवटी तो चित्रकार म्हणतो, तुमचं बिल मी देतो. चार्ली म्हणतो छे छे, तो परत म्हणतो, हा परत छे छे, अगदी आपल्याकडे काउंटरवर दोन पाहुणे पाकीट काढून भांडतात तसं, फक्त इथे एकाच्या खिशात काहीच नाही आणि समोरचा खरंच ऐकतो! चार्लीचा चेहरा बघाच. मग चित्रकाराने ठेवलेली टिप गुपचूप उचलून हा त्यातूनच आपलं बिल भागवतो, वर उरलेली चिल्लर ऐटीत वेटरला ठेवून घ्यायला सांगतो, आणि वेटर डोळे वटारतो ते बिचाऱ्या चित्रकारावर, काय कंजूष माणूस आहे म्हणून.