दादा गेल्यानंतरची कागदपत्रं : कोविडच्या सानुग्रह सहाय्याचा आमचा अनुभव

कोविडनं घरातलं माणूस गेलं की सरकारकडून ५० हजार मिळायचे हे बहुतेकांना माहितीये, पण ते मिळवताना घराचं काय होतं आणि टेबलाच्या पलीकडं बसलेल्यांचं काय होतं हे फारसं कुणी लिहिलेलं मला दिसलं नाही, म्हणून लिहितेय. आमचं गाव मंगळवेढा तालुक्यात. दादाचं मोटर रिवायंडिंगचं दुकान होतं, चाळिशीच्या आतला माणूस, मागं वहिनी, दोन पोरं, आई आणि आप्पा. मी पुण्याला असते, कोविडमुळं तेव्हा वर्क फ्रॉम होम होतं म्हणून बराच काळ गावी राहता आलं.

एप्रिल २०२१ आठवत असेल सगळ्यांना. १८ एप्रिलला राज्यात एका दिवसात ६८ हजारांवर नवे पेशंट सापडले. आमच्याकडं त्याच्या आदल्या दिवशी पंढरपूर-मंगळवेढ्याच्या पोटनिवडणुकीचं मतदान झालेलं, म्हणजे शिक्षक, तलाठी, ग्रामसेवक सगळे इलेक्शन ड्युटी करून आलेले आणि पाठ टेकायच्या आत परत कोविड ड्युटीवर. दादाची टेस्ट सरकारी दवाखान्यात झाली, अँटिजेन, जागेवर पॉझिटिव्ह. मग ऑक्सिजन खाली यायला लागला, तालुक्यात बेड नाही, पंढरपुरात नाही, शेवटी सोलापुरात एका खाजगी दवाखान्यात मिळाला. तिथं पंधरवडाभर होता. मधे परत टेस्ट केली ती निगेटिव्ह आली, आम्हाला वाटलं सुटलो, आणि त्यानंतर थोड्याच दिवसांत तो गेला. याच्यावर जास्त लिहवत नाही.

पैशांचा विषय घरात कुणाच्या डोक्यातही नव्हता. सुप्रीम कोर्टानं ३० जून २०२१ ला सांगितलं की कोविडनं गेलेल्यांच्या घरच्यांना मदत दिलीच पाहिजे, किती ते राष्ट्रीय आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणानं ठरवावं, मग सप्टेंबरमध्ये त्यांनी ५० हजार ठरवले, ४ ऑक्टोबरला कोर्टानं त्याला मान्यता दिली आणि आपल्या राज्याचा जीआर नोव्हेंबरअखेर निघाला. पैसे राज्य आपत्ती प्रतिसाद निधीतून. ऑनलाईन अर्ज सुरू झाले तेव्हा दादाला जाऊन सात महिने झालेले. मी मोबाईलवर बातमी वाचून दाखवली तर वहिनी म्हणाली, "ताई, मला नको ते पैसे, ते घेतले की हिशोब मिटला असं होईल." आणि आत निघून गेली. आईचंही तेच. आप्पा मात्र म्हणाले, पोरांच्या शिक्षणाला लागतील, भावनेवर जाऊ नका. चुलत्यांचं तिसरंच, त्यांचं म्हणणं दुकानासाठी पतसंस्थेचं कर्ज काढलंय ते यातून भागवा आणि अर्ज आप्पांच्या नावानं करा. यावरून घरात आठ-दहा दिवस कुणी कुणाशी धड बोलत नव्हतं. मी जीआर डाउनलोड करून आप्पांना वाचून दाखवला, नवरा गेला असेल तर पहिला हक्क बायकोचा. आप्पांनी चुलत्यांना घरी बोलावून एका वाक्यात सांगितलं, पैसा सुनेचा आहे, तिच्या खात्यावर जाईल, कर्जाचं मी बघतो. माझा बाप शेतकरी माणूस, सातवी शिकलेला, पण त्या दिवशी त्यांनी जे केलं त्याला तोड नाही. नंतर कितीतरी घरांतून ऐकलं की याच मुद्द्यावर सासर-माहेर तुटलं.

आता कागदांचं. मृत्यूचा दाखला सोलापूर महापालिकेचा होता, कारण मृत्यू जिथं होतो तिथंच त्याची नोंद होते, गावात नाही. त्या दाखल्यावर मृत्यूचं कारण नसतंच हे मला तेव्हा पहिल्यांदा कळलं. कारण असतं ते डॉक्टर भरतात त्या नमुना ४ मध्ये, आणि तो दवाखाना परस्पर पालिकेला पाठवतो, घरच्यांच्या हातात बहुतेक वेळा येतच नाही. आम्ही त्याची प्रत मागितली. दवाखान्यातल्या रेकॉर्डवाल्यानं आधी टाळलं, मग डॉक्टर सुट्टीवर, मग फाईल गोडाऊनमध्ये. शेवटी मिळाली तर त्यावर लिहिलेलं, श्वसन निकामी होणं आणि हृदयक्रिया बंद पडणं. कोविडचा उल्लेख नाही, कारण शेवटची टेस्ट निगेटिव्ह. मला प्रचंड राग आला होता. पण ज्यानं ते लिहिलं तो शिकाऊ डॉक्टर त्या आठवड्यात रात्रंदिवस उभा होता, हे मी स्वतः काचेतून बघितलंय. त्यानं जे शेवटी झालं ते लिहिलं, ते कशामुळं झालं ते लिहायचं राहिलं. एप्रिलमध्ये घाईत लिहिलेल्या दोन ओळी डिसेंबरमध्ये एका बाईच्या गळ्यात येऊन पडल्या, एवढंच मला म्हणायचंय.

इथं एक गोष्ट नीट समजून घ्या कारण लोक याच ठिकाणी खचून घरी बसले. नियमात स्पष्ट होतं की टेस्ट पॉझिटिव्ह आल्यापासून ३० दिवसांच्या आत मृत्यू झाला तर तो कोविड मृत्यू धरायचा, मग तो दवाखान्यात होवो नाहीतर बाहेर, आणि ३० दिवसांच्या पुढं गेला तरी माणूस त्याच आजारात ॲडमिट असेल तरी धरायचा. दुसरं, आरटीपीसीआरच लागते असं नव्हतं, अँटिजेन पण चालत होती. तिसरं, दाखल्यावर कोविड लिहिलं नाही एवढ्या कारणावरून मदत नाकारायची नाही असं कोर्टानं सांगितलेलं. म्हणजे आमच्याकडं एकच गोष्ट हवी होती, ती पहिली पॉझिटिव्ह टेस्ट. आणि तिचा कागद नव्हता. अँटिजेनचा रिझल्ट तोंडी सांगितलेला, कुठंतरी रजिस्टरला नोंद, बास.

मी ऑनलाईन अर्ज भरला आणि तो नामंजूर होऊन आला. कारण काय, तर रेकॉर्ड जुळत नाही. त्यात वहिनीच्या आधारवर माहेरचं नाव, रेशनकार्डवर सासरचं, बँकेत तिसरंच स्पेलिंग. आधार सेंटरवर पहाटे नंबर लावायला लागायचा. लग्नाची नोंद केलेली नव्हती, मग ग्रामपंचायतीत लग्नपत्रिका जोडून पुरावा दिला, साक्षीदार म्हणून दादाचेच मित्र आले. दुकान बंद पडलेलं, आणि ती बाई आपलं लग्न झालं होतं याचा पुरावा देत फिरतीये, हे बघणं सोपं नव्हतं. तेव्हा मी ठरवलं की यापुढं खिडकीवर मी जाणार, वहिनीनं फक्त सहीला यायचं. ज्यांच्या घरात असं काही होईल त्यांनी पहिल्या दिवसापासून हे करा, कागदांचं काम जिचं माणूस गेलंय तिच्यावर टाकू नका. भाऊ, नणंद, दीर, जावई, कुणीही एकजण पिशवी घेऊन उभा राहिला पाहिजे.

आणि त्याच वेळी एसटीचा संप. नोव्हेंबरपासून लालपरी जवळपास बंद. मंगळवेढ्यातून सोलापूरला जायचं म्हणजे वडाप, खाजगी जीप, माणसं दाटून भरलेली, मास्क कुणाच्या तोंडाला नाही, आणि ओमायक्रॉनच्या बातम्या सुरू झालेल्या. घरी आई हात धुवायला सांगायची आणि मग देवासमोर बसायची.

जिल्ह्याच्या ऑफिसात या कामाचं एक टेबल होतं. तिथं एक मॅडम बसायच्या, पन्नाशीच्या, टेबलावर फायलींचे गठ्ठे, पायाशी अजून गठ्ठे. मी गेले तेव्हा दुपारचे चार वाजलेले आणि त्या एका हातानं डबा खात होत्या, दुसऱ्या हातात माऊस. समोर एक म्हातारे गृहस्थ परत परत विचारत होते, माझं कधी होईल, आणि त्या प्रत्येक वेळेला तेच उत्तर त्याच आवाजात देत होत्या. माझा नंबर आल्यावर त्यांनी दादाचं नाव टाकलं, सापडंना. स्पेलिंग बदलून टाकलं, सापडंना. आडनाव आधी, सापडंना. मला वाटलं आता म्हणतील नाही होत, जा. तर त्या म्हणाल्या, "टेस्टच्या वेळी मोबाईल नंबर कुणाचा दिला होता?" दादाचाच दिला होता. नंबर टाकला आणि ओळ आली. नाव भलतंच छापलेलं, वय दहा वर्षांनी चुकलेलं, गाव शेजारचं, पण टेस्टची तारीख बरोबर आणि पुढं पॉझिटिव्ह. मॅडमनी स्क्रीन माझ्याकडं वळवली आणि विचारलं, "हा नंबर चालू आहे का अजून?"

चालू होता. हे मी मुद्दाम लिहितेय. वहिनीनं दादाचा फोन बंद होऊ दिला नव्हता, रिचार्ज संपला की परत मारायची, रोज रात्री चार्जिंगला लावायची. आम्ही कुणी तिला काही म्हटलं नव्हतं, कशाला ठेवतेस असं विचारायचं धाडस पण कुणाला झालं नाही. मी संध्याकाळी घरी फोन केला, थोरल्या पोरानं मेसेजमध्ये खाली खाली जाऊन बघितलं, आणि टेस्टच्या दिवशीचा तो मेसेज तिथं होता, एसआरएफ आयडीसकट, म्हणजे टेस्टच्या नोंदीच्या नंबरासकट. बंद सिम कंपनी काही महिन्यांनी दुसऱ्याला देऊन टाकते, तसं झालं असतं तर तो नंबर आमचा राहिला नसता आणि ओळखीचा दुवाच तुटला असता.

नाव चुकीचं कसं पडलं तेही नंतर कळलं. त्या दिवसांत स्वॅब घेणारे आणि कॉम्प्युटरवर नोंद करणारे कंत्राटी होते, दिवसभराचे कागद रात्री बसून भरायचे, दोनशे-दोनशे नावं. लाट ओसरल्यावर त्यांना कमी केलं. त्यामुळं चूक झाली तर विचारायला माणूसच उरलेला नव्हता. मला हे सरकारी यंत्रणेचं सगळ्यात मोठं दुखणं वाटतं, संकटात माणसं तात्पुरती आणायची आणि निस्तरायच्या वेळी ती नसतात, मग ज्या कायमच्या चार लोकांच्या टेबलावर ते येतं त्यांचं कंबरडं मोडतं. लोक त्यांनाच शिव्या घालतात. डिसेंबरमध्ये सुप्रीम कोर्टानं महाराष्ट्राला झापलं ते बरोबरच होतं, त्याशिवाय वेग आला नसता, पण ते झापणं शेवटी उतरलं त्या मॅडमच्या टेबलावर, रविवारी पण ऑफिस उघडं.

मग तक्रार निवारण समितीकडं अर्ज केला. समितीत अपर जिल्हाधिकारी दर्जाचे अधिकारी, आरोग्य खात्याचे, मेडिकल कॉलेजचे डॉक्टर असे लोक. आम्ही जोडलं ते असं : नमुना ४ ची प्रत, एसआरएफ आयडीच्या मेसेजचा प्रिंट, ॲडमिट होतानाचा केसपेपर ज्यावर पहिल्याच ओळीत कोविड पॉझिटिव्ह लिहिलेलं, एचआरसीटीचा, म्हणजे छातीच्या स्कॅनचा रिपोर्ट, रेमडेसिविरची बिलं, आणि सरकारी दवाखान्यातून रजिस्टरच्या उताऱ्यावर सही-शिक्का. तो शिक्का मिळवायला तिथल्या सिस्टरनं मदत केली, जुनी रजिस्टरं कपाटावरून स्वतः खाली काढली. आधी मला म्हणाली, "तुमच्यासारखे रोज येतात, आम्ही पण माणसं गमावलीत, पण बसा, शोधू."

मॅडमनी जाताना एक सांगितलेलं ते सोन्यासारखं होतं, कुणी नाही म्हटलं तर कारण लेखी मागा, तोंडी नाही घेऊन घरी जाऊ नका. समितीपुढं आम्हाला दहा मिनिटंसुद्धा लागली नाहीत. डॉक्टरांनी टेस्टची तारीख आणि मृत्यूची तारीख बघितली, बोटावर दिवस मोजले, ३० च्या आत, आणि वहिनीला विचारलं पोरं कितवीत आहेत. मंजुरीचा मेसेज आला, नंतर पैसे थेट तिच्या खात्यात. तिनं त्यातलं काही मोडलं नाही, दोन्ही पोरांच्या नावानं ठेव केली. दुकान आता दादाचा हाताखालचा पोरगा चालवतो, भाडं वहिनीला देतो.

त्यानंतर पोरांसाठी बालसंगोपन योजनेचा अर्ज केला, महिला व बालविकास खात्याकडं, तेव्हा एका मुलामागं महिन्याला ११०० होते, नंतर २२५० झाले. हा अर्ज वहिनीनं स्वतः भरला, मी नुसती शेजारी बसले.

गल्लीत एक काकू आहेत, त्यांचे यजमान त्याच महिन्यात घरीच गेले, दम लागून, टेस्ट केलीच नव्हती कारण पॉझिटिव्ह आलं तर उचलून नेतील ही भीती. मार्च २०२२ मध्ये कोर्टानं जुन्या मृत्यूंच्या अर्जांसाठी ६० दिवसांची मुदत दिली तेव्हा मी त्यांचाही अर्ज केला, डॉक्टरची चिठ्ठी जोडली, पण टेस्ट नाही आणि दवाखान्यात ॲडमिट नाही म्हणून समितीनं नाकारला. कारण आम्ही लेखी घेतलंय. त्यांना संजय गांधी निराधारचे पैसे सुरू झाले, तेही तलाठ्यानं उत्पन्नाच्या दाखल्यासाठी स्वतः घरी येऊन सह्या नेल्या म्हणून. पन्नास हजार मात्र मिळाले नाहीत आणि मला ते आजही पटत नाही, कारण माणूस कशानं गेला हे अख्ख्या गल्लीला माहिती आहे.