बसू का देत नाही?

तुम्ही विचारलंत म्हणून एकदाच सगळं लिहून टाकते. बडोद्याच्या कमाटी बागेत सकाळी आमच्या गटाचं धावणं संपलं की कुणीतरी म्हणतंच, "ताई, झालं ना आता? दोन मिनिटं बसू द्या की!" आणि मी बसू देत नाही. परवा एका काकांनी तर स्पष्टच विचारलं, "आधी अंग गरम करायचं हे पटतं. पण थंड व्हायला काय शिकायचंय? माणूस आपोआप थंड होतो."

होतो. त्याबद्दल माझं काहीच म्हणणं नाही. मला काळजी आहे ती रक्ताची. धावताना पायांतल्या रक्तवाहिन्या रुंदावलेल्या असतात आणि तिथलं रक्त वर हृदयाकडे ढकलायचं बरंचसं काम पोटऱ्या करत असतात. प्रत्येक पावलाला त्या आवळतात, रक्त वर चढतं. तुम्ही खाडकन थांबलात की हा पंप बंद पडतो, रक्तवाहिन्या मात्र लगेच आकसत नाहीत. रक्त पायांत साचतं, हृदयाकडे कमी परततं, बीपी उतरतं, डोळ्यांपुढे अंधारी येते. ऊन असेल तर कातडीकडेही रक्त वळलेलं असतं, म्हणजे आणखी वाईट. पाय बसायला मागतात नेमकं तेव्हाच हृदयाला ते चालू हवे असतात.

हे मला पुस्तकातून कळलं असतं तर कदाचित मी इतकी हट्टाला पेटले नसते.

माझा दादा दहा किलोमीटरच्या एका शर्यतीत धावला होता. बीपीची गोळी चालू, पण सराव नीट केलेला. शेवटच्या टप्प्यात भाचरं ओरडायला लागली तसा तो जीव खाऊन पळाला. रेषा ओलांडली आणि समोर रांग. पदकाची, फोटोची. दोन्ही बाजूंना लोखंडी कठडे, पुढे सरकायला जागा नाही. धावून आलेला प्रत्येक माणूस तिथे खांबासारखा उभा. मी कठड्याच्या अलीकडे होते. दादाने कमरेवर हात ठेवले, माझ्याकडे बघून हसला, आणि त्याचे ओठ पांढरे पडताना मला दिसले. "अगं, दिसत नाहीये काही," एवढं म्हणाला आणि तोंडावर कोसळला. हनुवटी कठड्याच्या पायावर आपटली.

पुढचं जास्त भयंकर होतं. दोन स्वयंसेवकांनी त्याला उचलून प्लास्टिकच्या खुर्चीत बसवलं आणि वारा घालायला लागले. पोरं बिचारी मदतच करत होती. पण बसवल्यावर डोक्याकडे रक्त जाणार कसं? त्याची मान पुन्हा लटकली. मी "आडवं करा, आडवं करा" म्हणून ओरडत होते आणि लाउडस्पीकरवर गाणी चालू होती. शेवटी गर्दीतून एक नर्सबाई आत घुसल्या. त्यांनी त्याला रस्त्यावर निजवलं, पाय उचलून त्याच खुर्चीवर ठेवले. थोड्याच वेळात त्याने डोळे उघडले. जबडा मोडला होता. दात तारेने बांधलेले, आणि वहिनी पेज आणि मुगाचं पाणी नळीने पाजतेय, असे ते दिवस गेले.

ईसीजी वगैरे सगळं स्वच्छ आलं. डॉक्टरांनी विचारलं, "धावणं संपल्यावर किती चाललात?" दादाने मान हलवली. चाललाच नव्हता.

आता प्रामाणिकपणे सांगते. दादा अजूनही म्हणतो, पोटात काही नव्हतं म्हणून झालं. वहिनी गोळीला दोष देते. मी रांगेला देते. डॉक्टर म्हणाले, सगळं मिळून असेल. म्हणजे मी सिद्ध काहीच करू शकत नाही.

आणखी एक, कारण ते तुमच्यापैकी काहीजण वाचून आला आहात. शेवटी हळूहळू चालल्याने दुसऱ्या दिवशीची अंगदुखी कमी होते, असं मी म्हणत नाही. तसा पुरावा फारसा नाही. ती दुखी स्नायूंतल्या बारीक इजांची असते, एक ते तीन दिवसांत चढते आणि आपली उतरते. धावण्याआधी पाय ताणून मिनिटभराहून जास्त धरून ठेवू नका, हेही मी म्हणते, कारण त्याने स्नायूंचा जोर तेवढ्यापुरता कमी होतो. आधी चालणं, मग पाय झुलवणं, गुडघे उचलणं, हळू धावणं. थंडीत यालाच जास्त वेळ द्यायचा.

"आमच्या तालमीत असलं काही नव्हतं" हे दांडिया बाजारातल्या जुन्या मंडळींचं वाक्य मला पाठ आहे. होतं की! कुस्तीआधी हौद्यातली माती फावड्याने कोण उकरायचं? पैलवानच. अंग घामेजेपर्यंत ते काम चालायचं. आणि मेहनत झाल्यावर एकमेकांचं अंग चोळत बसायचे, कुणी ताडकन उठून घरी पळत नसे. त्याला वॉर्म-अप म्हणत नव्हते, इतकंच.

दादा कोसळण्याआधीची मी म्हणाली असती, शरीराला सगळं कळतं, त्याचं ऐकावं. आजही व्यायाम करताना ते मला पटतं. थांबताना पटत नाही. दोन्ही एकदम कसं खरं असेल, याचा मेळ मला बसलेला नाही.

तरुण मुलं धावतात आणि थेट गाडीला किक मारून निघून जातात. बहुतेकांना काही होत नाही, हे मी रोज बघते. त्यांना अडवावं की नको, माझं ठरत नाही. पण ज्यांनी साठी ओलांडली आहे, ज्यांच्या बीपीच्या गोळ्या चालू आहेत, त्यांच्याशी मी वाद घालणार नाही. बागेतल्या फुलांच्या घड्याळापर्यंत सावकाश चालत जायचं, परत यायचं, श्वास जागेवर आला की बाकडं तुमचंच.