शेवटचा पर्याय

सर्व्हेच्या कामात पहिला धडा चेहऱ्याचा. समोरचा काहीही बोलो, भुवई हलवायची नाही. प्रश्न छापलाय तसाच वाचायचा, उत्तरांच्या पर्यायांचं कार्ड हातात द्यायचं, टॅबवर उत्तर दाबायचं.

त्या दुपारी सत्तरीच्या आजोबांनी दार उघडलं. माझं ओळखपत्र उजेडात धरून उलटसुलट पाहिलं. "असली कार्डं कुणीही छापतं," म्हणाले. आणि लगेच, "उन्हात का उभी? ये आत."

न्यायालय, पोलीस, संसद, वर्तमानपत्रं, बँका. प्रत्येकावर किती विश्वास? खूप, बऱ्यापैकी, फारसा नाही, अजिबात नाही. आजोबांनी कार्ड बाजूला सारलं. "सगळ्यांना शेवटचं लाव." तरी मी एकेक वाचलं, नियमच आहे. बँकेच्या वेळी त्यांचा आवाज चढला. दहा मिनिटं बोलले. त्याला टॅबवर जागा नाही.

ट्रेनिंगमध्ये सांगितलेलं आठवलं. अमेरिकेत 1958 साली 100 पैकी 70 हून जास्त लोक म्हणाले होते, सरकार बहुतेक वेळा योग्य तेच करतं. हल्ली असं म्हणणारे 20 च्या आसपास. तेव्हा तो नुसता आलेख वाटला होता.

मग तो जुना प्रश्न, 1981 पासून जागतिक मूल्य सर्वेक्षणात देशोदेशी विचारला जाणारा: बहुतेक माणसांवर विश्वास टाकता येतो, की सावध राहिलेलं बरं?

"सावधच."

तेवढ्यात एक मुलगी न विचारता आत आली. दारामागच्या खिळ्यांवर सात किल्ल्या होत्या, प्रत्येकीला वेगळ्या रंगाचा दोरा. हिरव्या दोऱ्याची काढून ती गेली. आजोबांनी मानही वळवली नाही.

"शेजाऱ्यांच्या," माझी नजर पाहून ते म्हणाले.

विचारायला नको होतं, पण फॉर्म संपला होता. "मग आजोबा, हा विश्वास नाही?"

"त्यांना मी ओळखतो. त्यात विश्वास कसला?"

संध्याकाळी सुपरवायझर सरांचा फोन आला. ओळीनं एकच उत्तर आलं की सिस्टीम लाल खूण करते. "घरी बसून भरलास का गं?" तीन वर्षं हे काम करतेय मी. म्हटलं, सर, त्यांनाच विचारा.

ऑफिसातून आजोबांना पडताळणीचा फोन गेला: आज कुणी मुलाखत घेऊन गेलं का? आजोबांनी विचारलं, "तुम्ही कोण?" आणि उत्तर ऐकून फोन ठेवून दिला.

मुलाखत बाद झाली.