चार डॉलरमागे एक डॉलर

अमेरिकेच्या ओहायो राज्यातील एका छोट्या काउंटीत (म्हणजे आपल्याकडच्या जिल्ह्यासारख्या भागात), घरगुती हिंसाचार आणि लैंगिक अत्याचार सोसलेल्या स्त्रियांना व मुलांना आसरा देणारी एक संस्था आहे. तिथे मी गेली आठ वर्षे हिशेब सांभाळते. सांगलीहून माझी मावसबहीण दर दिवाळीच्या फोनवर विचारते, की सरकारने अनुदान मंजूर केले म्हणजे पैसे आले, मग त्यात वर्षभर डोके लावण्यासारखे काय उरते? तिला फोनवर सांगता येत नाही म्हणून लिहिते आहे. इकडच्या स्वयंसेवी संस्थांत काम करू पाहणाऱ्या मराठी मुलामुलींनाही याचा उपयोग व्हावा.

आमच्या संस्थेचा सर्वांत मोठा आधार म्हणजे १९८४ च्या गुन्हेपीडित साहाय्य कायद्याखालचे अनुदान. या कायद्याला इथे सगळे ‘व्होका’ म्हणतात. हा पैसा करदात्यांच्या खिशातून येत नाही. केंद्राच्या न्यायालयांत दोषी ठरलेल्या व्यक्ती आणि कंपन्या जो दंड भरतात तो एका स्वतंत्र निधीत जमा होतो, आणि दर वर्षी अमेरिकी संसद ठरवील त्या मर्यादेपर्यंत त्यातून खर्च करता येतो. न्याय खात्याचे गुन्हेपीडित कार्यालय प्रत्येक राज्याला आधी पाच लाख डॉलर देते आणि उरलेली रक्कम लोकसंख्येनुसार वाटते. ओहायोत हे पैसे राज्याच्या ॲटर्नी जनरलच्या कार्यालयामार्फत आमच्यासारख्या संस्थांपर्यंत पोहोचतात. याच निधीचा दुसरा प्रवाह पीडितांना थेट नुकसानभरपाई देतो, आणि आपल्याकडची मनोधैर्य योजना त्याच्या जवळची आहे. मी लिहिते आहे ते मात्र भरपाईविषयी नाही. रात्री दोन वाजता फोन उचलणारी, रुग्णालयात सोबत बसणारी, न्यायालयात शेजारी उभी राहणारी माणसे ज्या पैशावर चालतात, त्या पैशाविषयी आहे. (अशा माणसांना इथे ‘ॲडव्होकेट’ म्हणतात. ती वकील नसतात. पीडितेची पाठराखण करणे एवढेच त्यांचे काम असते.)

या अनुदानाला एक अट आहे. प्रकल्पाच्या एकूण खर्चापैकी वीस टक्के वाटा संस्थेने स्वतः उचलायचा, तोही केंद्राच्या इतर कोणत्याही पैशातून नव्हे. इथे याला ‘मॅच’ म्हणतात; मी स्वहिस्सा म्हणेन. आदिवासी जमातींना व त्यांच्या भूमीवर चालणाऱ्या प्रकल्पांना, तसेच प्वेर्तो रिको वगळता अमेरिकेच्या ताब्यातील प्रदेशांना, ही अट लागू नाही. बाकी सर्वांना ती आहे.

माझ्या हातून पहिल्याच वर्षी जी चूक झाली ती याच वीस टक्क्यांत होती. आम्हाला ऐंशी हजार डॉलर मंजूर झाले होते. मी ऐंशी हजारांचे वीस टक्के काढले, सोळा हजार आले, आणि ते अर्जात लिहून टाकले. नियम मात्र अनुदानाच्या वीस टक्क्यांविषयी बोलत नाही, तो अनुदान आणि स्वहिस्सा मिळून होणाऱ्या एकूण खर्चाविषयी बोलतो. एकूण खर्चाचे वीस टक्के आपले असतील, तर सरकारचे ऐंशी हजार हे त्या एकूण खर्चाचे ऐंशी टक्के झाले पाहिजेत. म्हणून ऐंशी हजारांना ०.८० ने भागायचे, म्हणजे एकूण खर्च एक लाख येतो, आणि त्याचे वीस टक्के वीस हजार. याहून सोपी रीत म्हणजे अनुदानाला सरळ चाराने भागणे, कारण सरकारच्या चार डॉलरमागे आपला एक डॉलर हवा. उत्तर बरोबर आले की नाही हे उलट्या बाजूने पाहावे: सोळा हजार अधिक ऐंशी हजार म्हणजे शहाण्णव हजार, आणि त्यात सोळा हजारांचा वाटा जेमतेम १६.६७ टक्के भरतो.

ही चूक केवळ घाईची नव्हती, हे मला नंतर उमगले. कुटुंबातील हिंसाचाराच्या प्रतिबंधासाठी १९८४ च्याच ऑक्टोबरमध्ये झालेला दुसरा एक केंद्रीय कायदा आहे, आणि आमच्या निवारागृहाला त्याचेही अनुदान मिळते. तिथे सरकारच्या पाच डॉलरमागे संस्थेचा एक डॉलर लागतो, म्हणजे अनुदानाचे खरोखरच वीस टक्के. मी तो हिशेब आधी शिकले आणि तीच रीत इकडे लावली. स्त्रियांवरील हिंसाचाराविरुद्धच्या कायद्याखालचे तिसरे एक अनुदान आहे. त्यात एकूण खर्चाच्या पंचवीस टक्क्यांची अट आहे, पण पीडितांना सेवा देणाऱ्या संस्थांना ती माफ आहे. एकाच छपराखाली, एकाच बाईच्या मदतीसाठी येणारी तीन अनुदाने, आणि तिन्हींचे त्रैराशिक वेगळे. आपल्याकडे केंद्र आणि राज्य यांच्या योजनांत ६०:४० असे दोन्ही वाटे शेजारी शेजारी लिहितात, त्यामुळे चाळीस टक्के कशाचे, हा प्रश्न कोणाला पडत नाही. इथल्या नियमातही ‘वीस टक्के’ऐवजी ‘८०:२०’ असे छापले असते, तर माझ्यासारख्या नवख्या हिशेबनिसांची मोठी सोय झाली असती असे मला मनापासून वाटते.

चार हजारांची तूट दिसायला लहान आहे, तिचा परिणाम मात्र लहान नाही. स्वहिस्सा सोळा हजारच जमला, तर त्याच्या आधारावर चौपट, म्हणजे चौसष्ट हजारच अनुदान उचलता येते. राहिलेले सोळा हजार हातचे जातात, आणि आमच्या संस्थेत तेवढ्या रकमेवर अर्धवेळ ॲडव्होकेटचे बरेच महिने निघतात. नऊ महिन्यांचा अहवाल राज्याकडे गेला तेव्हा तिथल्या अधिकाऱ्याने हे दाखवून दिले. तोवर जून संपत आला होता आणि अनुदानाचे वर्ष सप्टेंबरअखेर संपणार होते.

रोख रक्कम कुठून आणणार? काउंटीकडून थोडे येते. ओहायोत विवाह परवान्याच्या शुल्काचा एक भाग घरगुती हिंसाचारग्रस्तांच्या निवारागृहांसाठी राखलेला असतो, आणि हा पैसा केंद्राचा नसल्यामुळे स्वहिश्श्यात धरता येतो. लग्नाच्या परवान्यासाठी रांगेत उभ्या राहिलेल्या जोडप्यांच्या पैशातून, ज्यांचे लग्न जिवावर बेतले आहे अशा स्त्रियांच्या खोलीचे भाडे निघते, ही गोष्ट मला आजही स्पर्श करते. पण हे पैसे आम्ही आधीच सोळा हजारांत मोजलेले होते, आणि एकच डॉलर स्वहिश्श्यात दोनदा दाखवता येत नाही.

म्हणून आम्ही वस्तुरूप हिश्श्याकडे वळलो. वस्तुरूप म्हणजे दान मिळालेली वस्तू, जागा, किंवा स्वयंसेवकांचा वेळ. हे मला परके नव्हते. आमच्या गावात स्वजलधारेची नळपाणी योजना आली, तेव्हा भांडवली खर्चाच्या दहा टक्के लोकवर्गणी भरायची होती. ज्यांच्याकडे पैसे नव्हते त्यांनी चर खणून श्रमदान केले, आणि पाणी समितीवर असलेले माझे वडील रोज संध्याकाळी ओसरीवर बसून कोणी किती काम केले ते वहीत मांडत आणि समोरच्याचा अंगठा किंवा सही घेत. गावाने श्रम दिले हे सगळ्यांना ठाऊक होते. कागदावर ते सहीशिवाय दिलेच गेले नव्हते, हे वडिलांना ठाऊक होते.

आमच्या संस्थेत नेमकी ती वही नव्हती. व्होकाचे अनुदान घेणाऱ्या संस्थेने स्वयंसेवक वापरलेच पाहिजेत अशी मुळातच अट आहे, त्यामुळे रात्रीची फोनसेवा वर्षानुवर्षे स्वयंसेवकच चालवीत होते. भिंतीवर पाळ्यांचा तक्ता होता. सही नव्हती, तास नव्हते, केलेल्या कामाचा उल्लेख नव्हता. नियम सांगतो की स्वयंसेवकांच्या वेळेची नोंद, शक्य तितकी, संस्था आपल्या पगारी कर्मचाऱ्यांच्या वेळेची ठेवते त्याच पद्धतीने ठेवावी. मागचे नऊ महिने त्या कसोटीला उतरणे शक्य नव्हते. ते तास झाले होते, त्या तासांत किमान दोन बायका घर सोडून सुखरूप आमच्याकडे पोहोचल्या होत्या, आणि तरीही हिशेबात ते शून्यच राहिले.

जुलैच्या पहिल्या तारखेपासून आम्ही हजेरीपट सुरू केला. तासाचा दर काय धरायचा, हा पुढचा प्रश्न होता. इथे पुष्कळ जण वर्तमानपत्रांत येणारा, स्वयंसेवकाच्या तासाचा राष्ट्रीय सरासरी दर सरसकट लावतात. तो आकडा मोठा आणि मोहात पाडणारा असतो. व्होकाच्या नियमाप्रमाणे मात्र तशाच कामासाठी आपली संस्था एरवी जो दर देते, तोच धरावा लागतो, आणि संस्थेत तसे काम नसेल तर स्थानिक बाजारातला. वाजवी लाभांची भर त्यात घालता येते. आमच्याकडे फोनवरच्या पगारी कर्मचाऱ्याला तेव्हा तासाला अठरा डॉलर मिळत, म्हणून अठराच. एक निवृत्त वकीलबाई शुक्रवारी रात्री फोनवर बसत, त्यांचाही तास अठराचाच, कारण त्या वेळी त्या फोन घेत होत्या. त्याच बाई एखाद्या पीडितेला संरक्षण आदेशासाठी कायद्याचा सल्ला देत तेव्हा तो तास वकिलाच्या दराने. मोजायचे ते काम, माणसाची पदवी नव्हे. चार हजारांना अठराने भागले की २२२.२२ येतात, म्हणजे दोनशे तेवीस तास; तेरा आठवड्यांत दर आठवड्याला सतरा तासांहून थोडे अधिक. ते भरले, आणि पूर्ण ऐंशी हजार उचलता आले.

जागेचेही असेच. आधारगटाच्या बैठकीसाठी एक चर्च आपले सभागृह फुकट देते, त्याची किंमत त्याच परिसरातील तशाच खासगी जागेच्या रास्त भाड्याहून अधिक लावता येत नाही, आणि ते भाडे कशावरून ठरवले याचा त्रयस्थ मूल्यांकनाचा कागद फाइलमध्ये हवा. आठवड्याला दोन तास, तासाला पंचवीस डॉलर, वर्षाचे अठ्ठेचाळीस आठवडे, म्हणजे चोवीसशे डॉलर. लहान संस्थेसाठी ही रक्कम लहान नाही.

स्वहिस्सा आपल्या पदरचा असला, तरी तो अनुदानाला चालणाऱ्या कामांवरच खर्च व्हावा लागतो, हे विसरले जाते. इथल्या मराठी मंडळींनी एका दिवाळीत आमच्यासाठी निधीसंकलनाचे जेवण केले. दोन दिवस राबून दीडशे माणसांचा स्वयंपाक केला, आणि मिळालेली रक्कम आम्ही निवारागृहातील समुपदेशनावर खर्च करून रोख स्वहिस्सा म्हणून दाखवली. त्या मंडळींनी स्वयंपाकाचे तासही प्रेमाने लिहून दिले होते. ते मला बाजूला ठेवावे लागले, कारण निधी गोळा करणे हे या अनुदानातून चालणारे काम नाही, म्हणून ते स्वहिश्श्यातही बसत नाही. सांगताना मला वाईट वाटले. त्यांनी समजून घेतले.

महामारीच्या काळात चित्र बदलले. २२ जुलै २०२१ रोजी राष्ट्राध्यक्ष बायडन यांनी व्होकातील दुरुस्तीवर सही केली. राष्ट्रीय आणीबाणीच्या काळात आणि ती उठल्यानंतर एक वर्ष राज्यांनी स्वहिस्सा माफ केलाच पाहिजे असे तिने ठरवले, आणि एरवीही माफीचे अधिकार राज्यांना देऊन त्याचे धोरण जाहीर करायला लावले. त्याच दुरुस्तीने, खटला टाळण्यासाठी कंपन्या सरकारशी जे करार करतात त्यांतला पैसाही या निधीकडे वळवला, कारण निधी आटत चालला होता. २०१८ साली खर्चाची मर्यादा सुमारे ४४४ कोटी डॉलर होती, २०२४ साली ती सुमारे १३५ कोटींवर आली. म्हणजे सक्तीची माफी संपली त्याच सुमारास अनुदानही घटले.

माझे मत सांगते. स्वहिश्श्यामागचा विचार मला पटतो. ज्या कामात गावाचा हात नाही ते काम अनुदान संपताच बंद पडते, हे मी घरी पाहिले आहे. पण सुस्थितीतील शहरी संस्थेला चार डॉलरमागे एक डॉलर एका संध्याकाळच्या भोजनसमारंभात मिळतो, आणि जिथे कारखाना बंद पडून दहा वर्षे झाली त्या काउंटीत तोच डॉलर मिळवण्यात संचालिकेचे महिने जातात. त्यामुळे माफी मागणे हा कमीपणा आहे असे कोणत्याही लहान संस्थेने समजू नये. कायद्याने ती वाट ठेवली आहे, राज्याचे लेखी धोरण मागवावे, आणि स्वहिस्सा पूर्ण जमत नसेल तर किती जमतो ते आकड्यांनिशी मांडून उरलेल्याची माफी मागावी.

या वर्षी आम्हाला साठ हजार मंजूर झाले आहेत, म्हणजे स्वहिस्सा पंधरा हजार. साडेसहा हजार रोख आहेत, चोवीसशे सभागृहाचे, आणि राहिलेल्या एकसष्टशेसाठी, आता तासाचा दर वीस डॉलर असल्याने, तीनशे पाच तास हवेत. आमच्याकडे बारा वर्षे फोन घेणाऱ्या एक निवृत्त शिक्षिका हजेरीपटावर सही करायला तयार नव्हत्या. आपण हे पैशासाठी करत नाही, मग त्यावर किंमत कशाला लिहायची, असे त्यांचे म्हणणे होते. मी त्यांच्यासमोर कागद घेऊन बसले आणि दाखवले, की त्यांच्या वीस डॉलरच्या एका तासामुळे संस्थेला ऐंशी डॉलर उचलता येतात. त्यांनी कागद थोडा वेळ पाहिला, आणि आठवड्यात किती पाळ्या रिकाम्या आहेत असे विचारले. बुधवार आणि रविवार, मी म्हणाले. आता त्या दोन्ही रात्री त्यांच्या नावासमोर सही असते.