आमची वाटचाल: वरातीपासून कोकणकड्यापर्यंत

आमची सुरुवात जुन्नर भागात लग्नाच्या शूटिंगपासून झाली. ड्रोन खूप उशिरा आला, कारण २०१४ ला डीजीसीएने (नागरी विमान वाहतुकीचं नियमन करणारी सरकारी संस्था) खासगी ड्रोन उडवायला बंदीच घातली होती, मग डिसेंबर २०१८ पासून नियम लागू झाले पण ते इतके किचकट की आमच्यासारख्यांनी नादच सोडला, आणि २०२१ चे ड्रोन रूल्स आल्यावर कुठे रीतसर ट्रेनिंग घेऊन रिमोट पायलट सर्टिफिकेट काढलं.

वरातीचे शॉट चालले होते, पण ओढ होती ती सह्याद्रीची. हरिश्चंद्रगड अभयारण्यात येतो, त्यामुळे वनखात्याच्या परवानगीशिवाय तिथे ड्रोन काढायचाच नाही हे आधीपासून ठरलेलं. परवानगी हातात आली की पायथ्याच्या पाचनई गावावरून सामान पाठीवर घेऊन वर जायचं.

हरिश्चंद्रगडाचा सरळसोट कोकणकडा शूट करणं भल्याभल्यांची परीक्षा बघतं. स्क्रीनवर दिसणारी उंची टेकऑफ केल्या जागेपासून मोजलेली असते, म्हणजे कड्याच्या काठावरून ड्रोन खाली नेला की आकडा मायनस होतो, कातळ मध्ये आला की सिग्नल जातो, आणि खालून कोकणातला वारा कड्याला आपटून सरळ वर येतो तो ड्रोनला अक्षरशः उचलतो. म्हणून काठावर एक जण फक्त ड्रोनकडे बघत बसतो, पायलट स्क्रीन बघतो. बॅटरी अर्ध्यावर आली की परत, मग समोर कितीही भारी ढग येवोत.

आणि उजेड! भर दुपारी वरून सगळं सपाट दिसतं, कड्याची खोलीच कळत नाही. कडा पश्चिमेला तोंड करून आहे त्यामुळे उन्हं कलली की लाव्हाचे थर एकावर एक उठून दिसायला लागतात, साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचे. फ्रेममध्ये काठावर एखादा माणूस असला की मगच बघणाऱ्याला कळतं की हे प्रकरण केवढं आहे. मी तर म्हणेन नुसतं उंच उडवण्यापेक्षा हेच महत्त्वाचं.

सह्याद्रीच्या कड्यांवर गिधाडं घरटी करतात, हिवाळ्यात विणीचा काळ असतो. घरट्याजवळचं काम आम्ही घेत नाही, क्लायंट कितीही पैसे देवो, ते दुसऱ्याकडे गेले तरी चालतील.

आता लग्नं कमी केलीयेत. पावसाळा संपताच माळशेजच्या बाजूने, कड्याखालच्या बेलपाडा गावातून वर बघत कडा घ्यायचाय, त्याच्या अर्जाची धावपळ चालू आहे.