खांदेरी, उंदेरी आणि पंधरा पक्षांचं शहर

थळच्या किनाऱ्यावरून होडी सुटली तेव्हा आमच्या बॅगेत पाण्याच्या बाटल्यांबरोबर वीस पैलूंचे फासेही होते. आम्ही चौघं दर शनिवारी 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' हा फासे टाकून गोष्ट पुढं नेण्याचा खेळ खेळतो. या वेळी आमच्या डीएमनं (गोष्ट चालवणारा तो डीएम, जिल्हाधिकारी नव्हे) हट्टच धरला, की प्लेनस्केपचा (हे त्या खेळातलं एक काल्पनिक विश्व) डाव अलिबागजवळ राहून मांडायचा. का, तर म्हणे आधी खांदेरी बघा.

होडीत मला उलटी होईल असं वाटत होतं, झाली नाही. एवढं पुरे.

खांदेरीवर दीपगृह आहे, तटावर तोफा आहेत, वेताळाचं देऊळ आहे. एक मोठा धोंडा आहे, त्यावर दगड आपटला की भांड्यासारखा वाजतो. आम्ही तो पोरासारखा वाजवत बसलो. डीएम मात्र तटावर उभा राहून समोर बोट दाखवत होता. समोर उंदेरी. मध्ये पाण्याचा एक पट्टा, बस्स.

शिवाजी महाराजांनी १६७९ मध्ये खांदेरी बांधायला घेतली. मुंबईच्या तोंडाशी मराठ्यांचा किल्ला म्हटल्यावर इंग्रजांनी जहाजं पाठवली. मुघलांच्या बाजूनं जंजिऱ्याचा सिद्दीही आला. दोघांना खांदेरी हवी होती, पण ती एकमेकांच्या हाती जायला नको होती. खांदेरी हटेना तेव्हा १६८० च्या सुरुवातीला सिद्दीनं शेजारची उंदेरीच बळकावली आणि तिथून तोफा डागल्या. त्याच वर्षी इंग्रजांनी मराठ्यांशी तह केला. एवढ्याशा पाण्यात तीन दरबार, आणि कालचा सोबती आज कोणाकडे आहे ते सकाळी उठून बघायचं!

"हे सिजिल आहे," डीएम म्हणाला.

सिजिल म्हणजे प्लेनस्केपच्या मध्यावरचं शहर. १९९४ मध्ये टीएसआर कंपनीनं हे विश्व आणलं, डेव्हिड कुक यांनी रचलेलं. अनंत उंचीचा एक सुळका, त्याच्या डोक्यावर तरंगणारं कडं आणि कड्याच्या आतल्या अंगाला वसलेलं गाव. मान वर केली की आभाळाच्या जागी समोरच्या गल्ल्यांची छपरं. कुठलीही कमान दुसऱ्या जगाचं दार असू शकते, फक्त किल्ली सापडायला हवी. देवांना तिथं मज्जाव. सगळ्यांच्या वर लेडी ऑफ पेन. ती बोलत नाही, पूजा करणाऱ्याला मारते, आणि डोईजड झालेल्याला चक्रव्यूहात टाकून देते.

तिच्या खालचं राजकारण पंधरा पक्षांचं. प्रत्येकाचं तत्त्वज्ञान वेगळं. डस्टमेन म्हणतात आपण सगळे मेलेलोच आहोत. अथार म्हणतात देव म्हणजे ढोंगी बलवान. सेन्सेट म्हणतात चाखल्याशिवाय काही कळत नाही (मी अर्थातच सेन्सेट, सुरमई समोर असताना दुसरं काय होणार). वर्षभर मी या मतांच्याच प्रेमात होतो. रात्री अंगणात नकाशा पसरून मी तेच रंगवून सांगत होतो, तेवढ्यात ज्यांच्या घरी उतरलो होतो त्या काकू सोलकढी घेऊन आल्या.

"ते सगळं असूदे. घरपट्टी कोण घेतं?"

डीएम हसायचाच थांबला. कारण खेळाची खरी मेख तीच आहे. पक्षांपैकी हार्मोनियमकडे पहारा, गव्हनरांकडे न्यायालय, मर्सीकिलरांकडे तुरुंग, डस्टमेनकडे प्रेतं, आणि फेटेड नावाच्या पक्षाकडे दप्तर आणि करवसुली. ज्याला जे राखता येईल ते त्याचं, हे फेटेडचं ब्रीद.

"मग तेच माजणार," काकू म्हणाल्या आणि आत गेल्या.

आता हे त्यांना कोणी सांगितलं? १९९८ च्या 'फॅक्शन वॉर' या प्लेनस्केपच्याच पुस्तकात शहर पेटवणारा ड्यूक रोवन डार्कवुड हा फेटेडचाच म्होरक्या. त्याला खुद्द लेडीची जागा हवी होती. शेवटी तिनं पक्षांनाच शहराबाहेर काढलं.

उशिरापर्यंत मग फासे बाजूलाच राहिले आणि आंग्र्यांवर गप्पा रंगल्या. कान्होजींची ताकद तोफांइतकीच दस्तकात होती. त्यांचा परवाना नसलेलं गलबत या किनाऱ्यावरून निघालं तर पकडलं जाई. हे दप्तर कान्होजींनंतर कोणाकडे जाणार, यावरून घर फुटलं. त्यांची मुलं संभाजी आणि मानाजी भांडले, पेशव्यांनी दोघांना वेगवेगळे किताब देऊन वाटणी केली, कुलाबा मानाजींकडे राहिला. पुढं त्यांचा भाऊ तुळाजी याला आवरायला पेशव्यांनी इंग्रजांनाच सोबत घेतलं, आणि फेब्रुवारी १७५६ मध्ये विजयदुर्गाखाली आंग्र्यांचं आरमार जळालं. मला हा भाग कधीच शांतपणे वाचता येत नाही. सिजिलमध्ये निदान सगळ्यांच्या वर एक लेडी होती. इथं जो पंच म्हणून बोलावला, तोच पुढं मालक झाला.

डावात मी पक्ष बदलला. सेन्सेट सोडून फेटेडमध्ये गेलो. बाकीचे तिघं "गद्दार" म्हणून ओरडले.

सकाळी निघताना काकूंनी वही काढली. चार माणसं, दोन रात्री, जेवणं, आणि खाली वेगळ्या ओळीत, सोलकढी सहा ग्लास. आम्हाला पाचच आठवत होते. वही त्यांची होती, सहाचे पैसे दिले.